वाटणीचा हिशेब सोपा करणारे गणिती : मुहम्मद इब्न मूसा अल-ख्वारिज्मी

सहावी-सातवीच्या गणितात गुणोत्तराची वाटणी येते. एक रक्कम दोघा-तिघांत ठरलेल्या प्रमाणात वाटून द्यायची. बरीच मुलं इथं अडखळतात. मोठी माणसंही अडखळतात, फक्त त्यांची अडचण वहीतली नसते. घरातला कर्ता माणूस अल्लाहला प्यारा होतो, आणि चाळीस दिवस उलटत नाहीत तोच दुकान, घर, शेत यात कुणाचा किती हिस्सा हा प्रश्न बैठकीत येतो. मग कुणी अंदाजानं बोलतं, कुणी ऐकीव सांगतं, आणि बहुतेक वेळा ज्याचा आवाज मोठा त्याचा हिशेब बरोबर ठरतो.

शाळेतलं गणित आणि घरातली वाटणी, दोन्ही एकाच पुस्तकात मांडणारा एक माणूस सुमारे बाराशे वर्षांपूर्वी बगदादमध्ये होऊन गेला. त्यांचं नाव मुहम्मद इब्न मूसा अल-ख्वारिज्मी. जगभर त्यांना बीजगणिताचे जनक म्हणून ओळखतात. पण ज्या पुस्तकामुळे हा मान मिळाला, त्याचा जवळपास निम्मा भाग वारसाहक्क आणि वसीयत यांच्या हिशेबानं भरलेला आहे, ही गोष्ट आपल्याच समाजात फार थोड्यांना ठाऊक आहे.

ख्वारिज्मचं नाव, बगदादचं शहर

ख्वारिज्मी यांचा जन्म इ.स. ७८० च्या सुमारास झाला असं मानलं जातं. ख्वारिज्म हा मध्य आशियातला अरल समुद्राच्या दक्षिणेचा, अमू दर्या नदीच्या काठचा प्रदेश. आज तो उझबेकिस्तान आणि तुर्कमेनिस्तान या देशांत विभागला आहे. ते स्वतः तिथून आले की त्यांचे वाडवडील तिथले होते, यावर अभ्यासकांचं एकमत नाही. त्यांच्या घरादाराची, बालपणाची माहिती इतिहासात जवळजवळ नाहीच. त्या काळच्या अनेक विद्वानांप्रमाणे त्यांची ओळख राहिली ती त्यांच्या पुस्तकांतून.

त्यांचं कामाचं ठिकाण मात्र पक्कं माहीत आहे. ते म्हणजे बगदाद. अब्बासी खलिफा मन्सूर यांनी इ.स. ७६२ मध्ये हे शहर वसवलं. ख्वारिज्मी लहान होते तेव्हा हारून अल-रशीद यांची कारकीर्द सुरू झाली, आणि ते ऐन उमेदीत आले तेव्हा, म्हणजे इ.स. ८१३ ते ८३३ या काळात, हारून यांचे पुत्र मामून खलिफा होते. मामून यांना इल्मची भारी आवड. बगदादमधल्या बैतुल हिकमा या ज्ञानगृहाला त्यांनी मोठा आश्रय दिला. ग्रीक, फारसी, सुर्यानी आणि संस्कृत ग्रंथांचं ज्ञान तिथं अरबीत येत होतं. भाषांतर करणारे मुस्लिम होते, ख्रिस्ती होते, इतर धर्मांचेही होते. ख्वारिज्मी याच वर्तुळात वावरत होते.

मामून यांचं राज्य प्रचंड पसरलेलं. शेतसारा किती घ्यायचा, कालव्याची माती किती निघेल, मजुरांना रोज काय पडेल, भागीदारांच्या नफ्याची वाटणी कशी करायची, मयत माणसाच्या मालमत्तेचे हिस्से कसे पाडायचे, असे सवाल काझीच्या दरबारापासून बाजारापर्यंत रोज उभे राहत. हिशेब जाणणारा माणूस तेव्हा फार गरजेचा होता.

हिंदुस्थानातून गेलेले अंक

ख्वारिज्मी यांचं एक मोठं काम थेट आपल्या देशाशी जोडलेलं आहे. आठव्या शतकात, मन्सूर यांच्या काळात, हिंदुस्थानातून खगोलशास्त्राचा एक संस्कृत ग्रंथ बगदादला पोहोचला. तो ब्रह्मगुप्ताच्या परंपरेतला होता. ब्रह्मगुप्त म्हणजे आजच्या राजस्थानातल्या भीनमाळचे गणिती, ज्यांनी इ.स. ६२८ मध्ये ब्राह्मस्फुटसिद्धान्त हा ग्रंथ लिहिला. त्या ज्ञानाला अरबीत सिंदहिंद असं नाव पडलं. त्याच्या आधारावर ख्वारिज्मी यांनी ग्रहताऱ्यांच्या गणिताचे तक्ते तयार केले.

याशिवाय त्यांनी हिंदी अंकांवर एक स्वतंत्र पुस्तक लिहिलं. एक ते नऊ हे अंक आणि रिकाम्या जागेसाठी शून्य, एवढ्या दहा खुणांत कितीही मोठी संख्या कशी लिहायची आणि त्यांची बेरीज, वजाबाकी, गुणाकार, भागाकार कसा करायचा, हे त्यात समजावलं होतं.

इथं एक गोष्ट स्पष्ट करायला हवी. शून्याचा शोध ख्वारिज्मी यांनी लावला असे मेसेज अधूनमधून फिरतात. ते खरं नाही. ही पद्धत हिंदुस्थानातली आहे, आणि ख्वारिज्मी यांनी ती हिंदुस्थानचीच म्हणून मांडली. दुसऱ्याचं श्रेय दुसऱ्याला देणं हा त्यांच्या मोठेपणाचाच भाग आहे. आपण त्यांच्या नावावर जास्तीचं काही जोडायची गरज नाही, त्यांनी जे केलं तेच पुरेसं आहे.

लोकांच्या गरजेचं पुस्तक

त्यांचं सर्वांत गाजलेलं पुस्तक मामून यांच्या कारकिर्दीत, इ.स. ८२० च्या आसपास लिहिलं गेलं. त्याच्या नावात दोन शब्द आहेत, अल-जब्र आणि अल-मुकाबला. प्रस्तावनेत ते सांगतात की खलिफांनी उत्तेजन दिल्यामुळे आपण हे लिहायला घेतलं, आणि वारसा, वसीयत, वाटणी, दावे, व्यापार, जमिनीची मोजणी, कालव्याची खोदाई यात लोकांना जे गणित सतत लागतं तेवढंच सोपं करून देणं हा आपला हेतू आहे. म्हणजे हे पुस्तक केवळ विद्वानांसाठी नव्हतं. काझी, मुन्शी, व्यापारी, जमीन मोजणारे यांच्या हाताशी राहावं म्हणून ते लिहिलं गेलं.

आज बीजगणित म्हटलं की क्ष आणि य डोळ्यांसमोर येतात. ख्वारिज्मी यांच्या पुस्तकात एकही चिन्ह नाही. सगळं शब्दांत आहे. जी संख्या माहीत नाही तिला ते शय, म्हणजे वस्तू, असं नाव देतात. आपण उर्दूत आजही शै म्हणतो, तोच हा शब्द.

अल-जब्र म्हणजे मोडलेलं सांधणं, तुटीचं भरून काढणं. समीकरणाच्या एका बाजूला काही वजा होत असेल तर तेवढंच दोन्ही बाजूंना मिळवून ती तूट भरून काढायची. अल-मुकाबला म्हणजे समोरासमोर ठेवणं. दोन्ही बाजूंना एकाच जातीच्या रकमा असतील तर त्या एकमेकींसमोर ठेवून उडवायच्या आणि फक्त फरक शिल्लक ठेवायचा. या अल-जब्र शब्दावरूनच युरोपात अल्जिब्रा हा शब्द तयार झाला.

दहाचे दोन भाग

आता शाळेतल्या वाटणीकडे येऊ. ख्वारिज्मी यांनी पुस्तकात सहा नमुन्याची उदाहरणं दिली आहेत. त्यातलं एक असं आहे : दहाचे दोन भाग केले, आणि एका भागाला दुसऱ्यानं भागलं तर उत्तर चार आलं. तर ते भाग कोणते?

नीट बघा, हा सरळ गुणोत्तराचा प्रश्न आहे. दहा ही रक्कम ४ : १ या प्रमाणात वाटायची आहे. ख्वारिज्मी यांची रीत अशी : लहान भागाला शय म्हणा. मग मोठा भाग झाला दहा वजा शय. पण मोठा भाग लहानाच्या चौपट आहे, म्हणजे तो चार शय आहे. म्हणून दहा वजा शय बरोबर चार शय. आता अल-जब्र करा, म्हणजे वजा असलेला शय दोन्ही बाजूंना मिळवा. दहा बरोबर पाच शय. एक शय झाला दोन. भाग निघाले ८ आणि २.

आपली मुलं शाळेत हेच वेगळ्या शब्दांत करतात. चार आणि एक मिळून पाच भाग, दहाला पाचानं भागलं तर एक भाग दोनाचा, मग चार भागांचे आठ आणि एका भागाचे दोन. शाळेतला एक भाग म्हणजेच ख्वारिज्मींचा शय.

मुलं चुकतात ती नेमकी पहिल्या पायरीवर. १ : २ या प्रमाणात वाटा म्हटलं की कित्येक जण रकमेची निम्मी करतात. दोन दिसले की दोननं भागलं. पण १ : २ मध्ये एकूण भाग दोन नाहीत, तीन आहेत. एकाला एक तृतीयांश मिळतं, दुसऱ्याला दोन तृतीयांश. आधी भागांची बेरीज, मग एका भागाची किंमत, आणि शेवटी ज्याचे जितके भाग तितक्यांचा गुणाकार. एवढं लक्षात ठेवलं तर प्रश्न कितीही लांबलचक असो, अडत नाही. आणि पडताळा म्हणून सगळ्यांचे हिस्से परत मिळवून बघायचे. बेरीज मूळ रकमेइतकी आली पाहिजे.

बाजारभाव आणि मजुरी

पुस्तकात व्यवहाराचा एक छोटा पण फार कामाचा भाग आहे. खरेदी-विक्री, मजुरी, भाडं यात चार संख्या येतात, त्यातल्या तीन माहीत असतात आणि चौथी काढायची असते, असं ख्वारिज्मी समजावतात. आपल्याकडे यालाच त्रैराशिक म्हणतात. हे गणित हिंदुस्थानात आर्यभटांच्या काळापासून, म्हणजे इ.स. ४९९ पासून ग्रंथांत आहे.

त्यांचं एक उदाहरण मजुराचं आहे. महिन्याला दहा दिरहम मजुरी ठरली, आणि मजुरानं सहाच दिवस काम केलं, तर त्याला किती द्यायचे? महिना तीस दिवसांचा. सहा म्हणजे तीसचा पाचवा हिस्सा. दहाचा पाचवा हिस्सा दोन. मजुराला दोन दिरहम द्यायचे. दुसऱ्या रीतीनं करायचं तर दहा गुणिले सहा साठ, भागिले तीस, उत्तर दोनच.

उदाहरण साधं आहे, पण यात मजुराचा हक्क आहे. हिशेब येत नसेल तर सहा दिवसांचे पैसे मालक सांगेल तेवढेच घ्यावे लागतात.

वारसांचे हिस्से

आता पुस्तकाच्या त्या मोठ्या भागाकडे वळू. पवित्र कुरआनच्या सूरह अन-निसामध्ये वारसांचे हिस्से ठरवून दिले आहेत. त्यात निम्मा, पाव, आठवा, दोन तृतीयांश, एक तृतीयांश, सहावा असे अपूर्णांक येतात, आणि मुलगा-मुलगी असतील तर २ : १ हे गुणोत्तर येतं. या शाखेला इल्मुल फराइज म्हणतात. ख्वारिज्मींच्या आधीपासूनच फकीह लोक हे हिशेब करत होते. ख्वारिज्मी यांनी केलं ते असं की, गुंतागुंतीच्या वसीयती आणि कर्जाच्या भानगडी सोडवायला त्यांनी आपलं नवं गणित वापरून दाखवलं.

त्यातलं एक प्रसिद्ध उदाहरण घेऊ. एक स्त्री वारली. मागे पती, एक मुलगा आणि तीन मुली आहेत. तिनं एका परक्या माणसाला आपल्या मालमत्तेचा आठवा आणि सातवा, असे दोन्ही हिस्से मिळून वसीयत केली आहे. तर कुणाला किती?

पहिली पायरी वसीयतीची. आठवा अधिक सातवा म्हणजे छप्पन्नपैकी पंधरा भाग. शरियतनुसार वारसांच्या संमतीशिवाय एक तृतीयांशापेक्षा जास्त वसीयत चालत नाही. छप्पन्नपैकी पंधरा हे तिसऱ्या हिश्शापेक्षा कमी आहेत, म्हणून वसीयत पूर्ण लागू होते. वारसांसाठी उरले छप्पन्नपैकी एकेचाळीस भाग.

दुसरी पायरी वारसांची. मुलंबाळं असल्यानं पतीला पाव हिस्सा. उरलेला पाऊण हिस्सा मुलांत २ : १ प्रमाणे. मुलाचे दोन आणि तीन मुलींचे तीन, एकूण पाच भाग. चार आणि पाच यांचा लसावि वीस. म्हणून वीस हिस्से धरायचे. पतीला पाच, मुलाला सहा, प्रत्येक मुलीला तीन. बेरीज वीस.

तिसरी पायरी दोन्ही जोडायची. छप्पन्न गुणिले वीस म्हणजे ११२०. मालमत्तेचे ११२० भाग केले तर परक्या माणसाला ३००, आणि वारसांना ८२०. त्यातले पतीला २०५, मुलाला २४६, प्रत्येक मुलीला १२३. मिळवून बघा. ३००, २०५, २४६ आणि तीन मुलींचे ३६९. बेरीज ११२०. एकही भाग वर नाही, एकही कमी नाही. अपूर्णांकांचं जंगल होतं, त्याचे पूर्ण आकड्यांचे हिस्से झाले. तंटा करायला जागाच उरली नाही.

हिस्से एकाहून जास्त झाले तर?

काही वेळा एक गमतीची, पण गंभीर अडचण येते. ठरलेल्या हिश्शांची बेरीजच एकापेक्षा जास्त भरते. समजा एक स्त्री वारली, मूलबाळ नाही, आईवडील हयात नाहीत, फक्त पती आणि दोन सख्ख्या बहिणी आहेत. पतीचा हिस्सा निम्मा आणि दोन बहिणींचा मिळून दोन तृतीयांश. सहाचे भाग धरले तर पतीचे तीन आणि बहिणींचे चार. बेरीज सात. सहा भागांतून सात द्यायचे कसे?

हजरत उमर (रजि.) यांच्या खिलाफतीत हा प्रश्न समोर आला, आणि सहाबांशी सल्लामसलत करून एक तोडगा निघाला. मालमत्तेचे सहाऐवजी सातच भाग करायचे. पतीला सातातले तीन, बहिणींना सातातले चार. प्रत्येकाचा हिस्सा थोडा कमी होतो, पण सगळ्यांचा सारख्याच प्रमाणात. सुन्नी फिकहमध्ये याला औल म्हणतात; शिया फिकहमध्ये वेगळी पद्धत आहे. मालमत्ता ७० हजारांची असेल तर पतीला ३० हजार आणि प्रत्येक बहिणीला २० हजार.

शाळेच्या भाषेत सांगायचं झालं तर हे ३ : ४ या गुणोत्तरात वाटणं झालं. अपूर्णांक जिथं पुरत नाहीत तिथं गुणोत्तर कामाला येतं. आठवीच्या आतलं मूल हे सोडवू शकतं, फक्त त्याला कुणी सांगितलं पाहिजे की तुझ्या पुस्तकातलं गणित हेच आहे.

नकाशा, तारे आणि खलिफांचा आजार

ख्वारिज्मी फक्त हिशेबात अडकून पडले नव्हते. इ.स. ८३३ च्या सुमारास त्यांचं भूगोलाचं पुस्तक पुरं झालं. त्यात शहरं, डोंगर, नद्या, बेटं अशा २४०२ ठिकाणांचे अक्षांश-रेखांश दिले होते. आधार ग्रीक विद्वान टॉलेमीच्या ग्रंथाचा होता, पण ख्वारिज्मी यांनी तो जसाच्या तसा उतरवला नाही. टॉलेमीनं भूमध्य समुद्राची लांबी फार जास्त धरली होती, ती त्यांनी कमी करून खऱ्याच्या जवळ आणली. यहुदी लोकांच्या दिनदर्शिकेवर त्यांनी लिहिलं, अस्तुरलाब या उपकरणावर लिहिलं, सूर्यघड्याळावरही लिहिलं.

त्यांच्याबद्दलची एक हकीकत तबरी यांच्या इतिहासात येते. इ.स. ८४७ मध्ये खलिफा वासिक आजारी पडले. ग्रहतारे जाणणाऱ्या मंडळींना बोलावलं गेलं, त्यात ख्वारिज्मींचं नाव आहे. सगळ्यांनी कुंडली पाहिली आणि खलिफा अजून पन्नास वर्षं जगतील असं सांगितलं. पुढे दहाच दिवसांत खलिफांचा इंतकाल झाला. आयुष्याचा हिशेब कुणालाच लागत नाही, ख्वारिज्मींसारख्यालाही लागला नाही. यानंतर त्यांचा उल्लेख फारसा सापडत नाही. इ.स. ८५० च्या आसपास त्यांचा इंतकाल झाला असं मानलं जातं.

युरोपात पोहोचलं ते अर्धंच

पुढच्या पिढीत मिसरचे अबू कामिल यांच्यासारख्या गणितींनी ख्वारिज्मींचं काम पुढं नेलं. बाराव्या शतकात स्पेनमार्गे ते युरोपात शिरलं. इ.स. ११४५ मध्ये रॉबर्ट ऑफ चेस्टर यांनी स्पेनमधल्या सेगोव्हिया इथं अल-जब्रच्या पुस्तकाचं लॅटिन भाषांतर केलं. टोलेडोमध्ये जेरार्ड ऑफ क्रेमोना यांनी दुसरं केलं. हिंदी अंकांवरच्या पुस्तकाचंही लॅटिन रूप झालं. त्यात ख्वारिज्मी हे नाव अल्गोरित्मी असं झालं, आणि पुढे त्यावरूनच अल्गोरिदम हा शब्द आला. आज मोबाइलवर कुठला व्हिडिओ पुढं यावा हे अल्गोरिदम ठरवतो असं आपण सहज बोलून जातो. त्या शब्दात अमू दर्याच्या काठचा एक प्रदेश दडलेला आहे, हे बोलताना आठवत नाही.

पण एक गोष्ट लक्षात घ्या. लॅटिन भाषांतरकारांनी समीकरणांचा भाग घेतला आणि वारसा-वसीयतीचा मोठा भाग सोडून दिला. साहजिकच होतं, त्यांचा वारसा कायदा वेगळा. त्यामुळे जगानं बीजगणित उचललं, पण ज्या घरगुती गरजेसाठी ते मांडलं गेलं तो भाग मागंच राहिला. इ.स. १८३१ मध्ये फ्रेडरिक रोझेन यांनी ऑक्सफर्डमधल्या हस्तलिखितावरून लंडनमध्ये मूळ अरबी मजकूर आणि इंग्रजी भाषांतर छापलं, तेव्हा तो भाग युरोपीय वाचकांसमोर आला.

इ.स. १९८३ मध्ये सोव्हिएत संघानं त्यांच्या बाराशेव्या जन्मवर्षानिमित्त टपाल तिकीट काढलं. उझबेकिस्तानातल्या खीवा शहरात त्यांचा पुतळा आहे, आणि चंद्रावरच्या एका विवराला त्यांचं नाव आहे.

आपल्या घरातला हिशेब

भारतात १९३७ च्या शरियत कायद्यानुसार मुस्लिमांच्या वारशाचे बहुतेक प्रश्न शरियतप्रमाणे ठरतात; शेतजमिनीचा विषय त्या कायद्यानं वेगळा ठेवला आहे. म्हणजे ख्वारिज्मी ज्या वाटणीची उदाहरणं सोडवत होते, ती आपल्यासाठी जुनी झालेली नाहीत.

एक सोपं उदाहरण घरी मुलांकडून करून घ्या. एक माणूस वारला. आईवडील आधीच गेलेले. मागे पत्नी, दोन मुलगे, एक मुलगी. कफन-दफनाचा खर्च, बाकी राहिलेलं कर्ज, आणि पत्नीची महेर दिलेली नसेल तर तीही, हे सगळं आधी चुकतं करायचं. महेर हे कर्जच आहे. वसीयत असेल तर ती तिसऱ्या हिश्शाच्या मर्यादेत पुरी करायची. हे सारं होऊन समजा ८ लाख रुपये उरले. पत्नीचा आठवा हिस्सा, म्हणजे १ लाख. उरले ७ लाख. मुलांत २ : २ : १, एकूण पाच भाग. एक भाग १ लाख ४० हजारांचा. प्रत्येक मुलाला २ लाख ८० हजार, मुलीला १ लाख ४० हजार. बेरीज ८ लाख.

इथं दोन चुका नेहमी होतात. पहिली, पत्नीचा आठवा हिस्सा बाजूला न काढता तिलाही मुलांच्या भागांत मोजलं जातं. दुसरी, मुलीला मुलाच्या निम्मं या वाक्याचा अर्थ नीट लावला जात नाही. एक मुलगा आणि एक मुलगी असेल तर त्यांच्या वाट्याच्या रकमेतलं मुलीला एक तृतीयांश मिळतं. घरात कुणी निम्म्याचं निम्मं धरून पाव सांगतं आणि ते खपूनही जातं. साडेचार लाखांत हा फरक दीड लाख आणि एक लाख साडेबारा हजारांचा आहे, म्हणजे चुकलेल्या हिशेबानं मुलीचे साडेसदतीस हजार गेले.

तिसरी गोष्ट हिशेबाची नाही, नियतीची आहे. किती तरी घरांत बहिणीला हिशेब दाखवलाच जात नाही. लग्नात खर्च केला, सोनं दिलं, असं म्हणून तिच्याकडून हक्कसोडपत्रावर सही घेतली जाते. ती भावाचं मन मोडू नये म्हणून सही करते. तिनं समजून-उमजून, खुशीनं सोडलं तर तो तिचा अधिकार आहे. पण आपला हिस्सा किती होता हेच जिला माहीत नाही, तिनं काय सोडलं हे तिलाही कळत नाही. आधी कागदावर पूर्ण वाटणी मांडली पाहिजे, प्रत्येकाचा आकडा प्रत्येकाला दिसला पाहिजे, त्यानंतर कुणाला काय द्यायचं-सोडायचं ते बोलता येतं.

प्रत्यक्ष वाटणीच्या वेळी जाणकार मुफ्ती आणि वकील यांचा सल्ला घ्यावाच. वारस बदलले की हिस्से बदलतात. पण त्यांनी सांगितलेला आकडा कुठून आला, हे घरातल्या निदान एका माणसाला समजलं पाहिजे, आणि ते एखादी सातवीतली मुलगीही असू शकते.

ख्वारिज्मी यांच्या आयुष्याबद्दल आपल्याला फार थोडं माहीत आहे. त्यांना किती मुलं होती, त्यांच्या पश्चात त्यांची मालमत्ता कशी वाटली गेली, यातलं काहीच इतिहासानं टिपलेलं नाही. त्यांनी मागे ठेवली ती एक रीत. जे माहीत नाही त्याला नाव द्या, दोन्ही बाजू समान ठेवा, कमी असेल तिथं भरून काढा, आणि शेवटी सगळे हिस्से मिळवून पाहा. ज्या घरात ही बेरीज बरोबर येते, तिथं कुणाचा हक्क राहून गेलेला नसतो.